एका घरांतले तीन तंबोरे

घर बदलावयाचें म्हणजे घरांतील प्रत्येक वस्तूला एकदां न्यायासनापुढें उभें करावें लागतें. कोणती बरोबर न्यावयाची, कोणती आप्तेष्टांस द्यावयाची आणि कोणती मोडींत घालावयाची, याचा निवाडा करतांना वस्तूंपेक्षां माणसांचीच परीक्षा अधिक होते. गेल्या उन्हाळ्यांत कोल्हापुरांतील आमचें जुनें घर सोडून पुण्यास तीन खोल्यांच्या सदनिकेंत राहावयास जाण्याचें ठरलें, तेव्हां हा अनुभव आम्हांस पुरेपूर आला. पाटा-वरवंटा, जुन्या फळ्या, तांब्याचे हंडे यांचा निकाल दोन दिवसांत लागला. खटला अडला तो माजघराच्या कोपर्‍यांत गवसणी घालून उभ्या असलेल्या तंबोर्‍यापाशीं.

हा तंबोरा माझ्या सासूबाईंचा. त्यांच्या वडिलांनीं तो मिरजेस मुद्दाम करवून घेतला होता, व लग्नानंतर तो त्यांच्याबरोबर या घरांत आला. सासूबाई कांहीं मैफलींत गाणार्‍या नव्हत्या. पण पहाटे देवघराशेजारीं बसून अर्धा तास तंबोरा छेडल्यावांचून त्यांचा दिवस उजाडत नसे. त्यांस जाऊन आतां नऊ वर्षें झालीं. तेव्हांपासून तारा गंजल्या, एक खुंटी सैल झाली, आणि गवसणीवर धूळ मात्र नेमानें बसत राहिली.

"हा न्यावयाचा कशासाठीं?" असा आमच्या यजमानांचा रोकडा प्रश्न. त्यांचें म्हणणें अगदींच गैर होतें असें मला म्हणवत नाहीं. आमची कन्या गाणें शिकते. पण तिचा रियाज मोबाइलमधील तंबोर्‍यावर चालतो. शिवाय उतारवयांत सासूबाईंचे हात कांपूं लागले, तेव्हां त्यांच्यासाठीं घेतलेली विजेवरची तंबोर्‍याची पेटीही कपाटांत आहे. "तीन खोल्यांना तीन तंबोरे, म्हणजे खोलीगणिक एक!" असें म्हणून ते हंसले. मी हंसलें नाहीं; परंतु मला उत्तरही सुचलें नाहीं. तें शोधतां शोधतां जें हातीं लागलें, तें वाचकांपुढें ठेवावें म्हणून हा लेखनप्रपंच.

कारण हा प्रश्न आमच्या घरापुरता नाहीं. सिंथेसायझर नांवाचीं जुनीं विद्युत्-वाद्यें बाळगावींत, कीं त्यांचे स्वर ध्वनिमुद्रित करून संगणकांत भरलेल्या त्यांच्या प्रतिकृतींवर काम भागवावें, हा वाद आज जगभरचे वादक हिरीरीनें घालीत असतात. तोच वाद आमच्या माजघरांत मराठींतून चालला होता, इतकेंच.

तार, भोंपळा आणि जवारी

तंबोरा हें दिसावयास अगदीं साधें वाद्य. बहुधा चार तारा: पहिली मंद्र पंचमाची, मधल्या दोन जोडीच्या षड्जाच्या आणि शेवटची खर्जाची. त्यांवर बोट दाबून स्वर बदलावयाचा नाहीं. एकीमागून एक शांतपणें छेडीत राहावयाचें. परंतु या वाद्याची सारी गोम त्याच्या घोडीच्या माथ्यांत आहे. व्हायोलिनची घोडी वर अरुंद असते. तंबोर्‍याची घोडी रुंद असून तिचा माथा किंचित् बाकदार घासलेला असतो. तार कंप पावूं लागली कीं ती त्या बाकावर क्षणोक्षणीं टेकते व सुटते. आणि तार व घोडी यांच्यामध्यें सुताचा बारीकसा धागा सरकवून नेमक्या जागीं आणला कीं तो भरदार गुंजारव फुटूं लागतो. यालाच गवई जवारी म्हणतात.

सर चंद्रशेखर व्यंकट रामन् यांस १९३० सालीं नोबेल पारितोषिक मिळालें तें प्रकाशाच्या संशोधनाबद्दल. पण त्यापूर्वीं १९२१ सालीं त्यांनीं आपल्या तंतुवाद्यांवर एक निबंध लिहिला होता. जुन्या शास्त्राचा नियम असा कीं, तार ज्या बिंदूवर छेडावी, त्या बिंदूवर ज्या उपस्वराची स्थिर गांठ येते तो उपस्वर नादांत उमटूं नये. तंबोरा हा नियम जुमानीत नाहीं, जे उपस्वर गैरहजर असावयाचे तेही त्यांत स्पष्ट ऐकूं येतात, असें रामन् यांस आढळलें; आणि त्याचें कारण ती बाकदार घोडी हें त्यांनीं दाखविलें. आपल्या कारागिरांनीं कानसेनें व कानानें जें साधलें होतें, त्याला शास्त्राचा दाखला असा मागाहून मिळाला.

या उपस्वरांच्या पोटांतच गांधार आहे. तंबोर्‍यांत गांधाराची तार नसते. तरी खर्जाची तार बिनचूक लागली कीं तिच्या पांचव्या उपस्वरांतून गांधार आपोआप बोलूं लागतो. म्हणूनच त्याला स्वयंभू गांधार म्हणतात. बाजाच्या पेटीवरील गांधार सप्तकाच्या बारा समान वांटण्या करून बसविलेला असतो, आणि तो या स्वयंभू गांधाराहून अर्धस्वराच्या सुमारें सातव्या हिश्श्यानें चढा असतो. फरक सूक्ष्म खरा. पण ज्याच्या कानांत एकदां खरा गांधार बसला, त्याला तो खड्यासारखा लागतो.

वीज आणि नमुना

दुसरा तंबोरा विजेचा. बंगळूरचे अभियंते व बांसरीवादक जी. राज नारायण यांनीं १९७९ च्या सुमारास असा तंबोरा लोकांपुढें आणला, व पुढें तो देशभर पसरला. या पेटींत तार नाहीं कीं भोंपळा नाहीं. विद्युत्-मंडलांत कंपनें उत्पन्न करावयाचीं, त्यांतील नको तो भाग गाळावयाचा, उरलेल्याला चढउतार द्यावयाचा, आणि त्यांतून तारेसारखा ध्वनि घडवावयाचा, अशी या जातीच्या पहिल्या पेट्यांची रीत. म्हणजे ती एक लहानशी सिंथेसायझरच. अमेरिकेंत रॉबर्ट मूग यांनीं १९६४ सालीं जें यंत्र सिद्ध केलें, त्याचें तत्त्वही हेंच.

अशा जुन्या मंडलांचा एक स्वभाव असतो: उष्णतेनें त्यांचा स्वर ढळतो. आमची पेटी कोणत्या कारखान्याची हें सांगण्याचें येथें प्रयोजन नाहीं. पण ती चालू केल्यावर पहिलीं दहापंधरा मिनिटें तिचा षड्ज हळूहळू सरके, व सासूबाई पुटपुटत बटण फिरवीत बसत. "यंत्र झालें म्हणून काय झालें, त्यालाही आवाज लावावयास वेळ लागतो," असें त्या म्हणत.

तिसरा तंबोरा मोबाइलमधला. याची रीत अगदींच निराळी. यांत ध्वनि घडवावयाचा नसतो. कोणा तज्ज्ञानें सुरेल लावलेला खरा तंबोरा ध्वनिमुद्रित करून त्याचे नमुने सांठवावयाचे, आणि मागणीप्रमाणें ते पुन्हां पुन्हां वाजवावयाचे. तबकडीच्या दर्जाच्या मुद्रणांत एका सेकंदांत ध्वनिलहरीचें ४४,१०० वेळां माप घेतलें जातें. मग तें तारेचें असो, कीं जुन्या सिंथेसायझरच्या पट्टीचें असो. विजेची पेटी म्हणजे चितार्‍यानें काढलेलें चित्र मानलें, तर हा नमुना म्हणजे छायाचित्र होय. चित्र हुबेहूब नसेल, पण चितारी तें पुन्हां बदलून काढूं शकतो. छायाचित्र हुबेहूब असतें. पण तें एका दिवसाचें व एका क्षणाचें असतें.

कालची नक्कल, आजचें अस्सल

यंत्रांत स्वर कोंडण्याची हांव आजची नव्हे, आणि तिचा एक अध्याय आपल्याच भागांत घडला आहे. सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल यांनीं बावीस श्रुतींचें गणित मांडणारें पुस्तक १९१० सालीं प्रसिद्ध केलें. या मापनाच्या कामीं अब्दुल करीम खाँसाहेबांच्या गळ्याचें त्यांस साह्य झालें होतें. त्यांचे सहकारी क्लेमंट्स हे सनदी अधिकारी. दोघांच्या प्रयत्नानें लंडनच्या मूर आणि मूर या कंपनीकडून १९११ सालीं श्रुतींची खास पेटी करविण्यांत आली. १९१६ सालीं बडोद्यास पहिली अखिल भारतीय संगीत परिषद भरली, तेथें तिचें प्रात्यक्षिकही झालें. परंतु गळ्यांतील हलता स्वर पेटीच्या स्थिर पट्टींत सांपडला, हें कांहीं जाणत्यांस मान्य झालें नाहीं.

त्याच काळांत साध्या बाजाच्या पेटीवर कोल्हापूरचे गोविंदराव टेंबे असा हात चालवीत कीं ऐकणारा थक्क होई. तरीही १९४० सालीं आकाशवाणीनें पेटीला बंदी केली, आणि ती सुमारें तीस वर्षें चालली. आज पेटीवांचूनची ख्यालाची मैफल आपणांस चुकल्याचुकल्यासारखी वाटते. एके काळीं परकी व बेसूर ठरविलेली वस्तु दुसर्‍या काळीं घरची होऊन बसते, ती अशी.

चित्रपटांत तर याहूनही गंमत झाली. १९५४ च्या 'नागिन' चित्रपटांतील पुंगीनें सार्‍या देशाला डोलविलें. पण ती पुंगी नव्हतीच! क्लेव्हायोलिन नांवाच्या विद्युत्-वाद्यावर कल्याणजी वीरजी शहा यांनीं ते स्वर काढले होते. पुढें मुंबईंत केरसी लॉर्ड यांच्यासारख्या वादकांनीं मूगचें यंत्र चित्रपटसंगीतांत आणलें. चरणजित सिंग यांनीं तर १९८२ सालीं तीन जपानी यंत्रांवर दहा रागांची एक तबकडी काढली. त्या काळीं तिची फारशी विचारपूस झाली नाहीं. २०१० सालीं ती परदेशांत पुन्हां निघाली, तेव्हां मात्र जाणकारांनीं तिला डोक्यावर घेतलें.

त्या तीन यंत्रांपैकीं एकाची कथा येथें सांगण्यासारखी आहे. टीबी-३०३ हें यंत्र बास गिटारची नक्कल करण्यासाठीं १९८१ सालीं निघालें. नक्कल इतकी फसली कीं दोनतीन वर्षांत तें बंद करावें लागलें, व उरलेला माल मातीमोलानें विकला गेला. परंतु एका स्वरावरून दुसर्‍यावर घसरत जाण्याची त्याची लकब पुढच्या पिढीच्या वादकांच्या मनांत भरली. आज त्याच यंत्रासाठीं मोठमोठ्या किमती मोजल्या जातात; आणि ज्यांस तें परवडत नाहीं, ते त्याचे नमुने संगणकांत भरून घेतात. जी गोष्ट जन्मतः नक्कल म्हणून नापास झाली, तिचीच आज नक्कल निघते! तेव्हां "यंत्र म्हणजे खोटें व तार म्हणजे खरी" एवढ्या सोप्या सूत्रानें आमच्या माजघरांतला खटला निकालांत निघण्यासारखा नव्हता.

मिरजेची फेरी

"विकावयाचा झाला तरी नीट करून विकावा, चार पैसे अधिक येतील," असा तोडगा यजमानांनींच काढला. म्हणून एका सकाळीं तंबोरा गाडींत घालून आम्ही मिरजेस गेलों. कोल्हापुराहून मिरज सुमारें पन्नास किलोमीटर. तेथील सतारमेकर गल्लींत शिरलें कीं लांकडाचा भुसा, लाखेचा वास आणि कुठून तरी येणारा तारेचा टणत्कार, यांनींच आपण कोठें आलों हें कळतें.

मिरजेचे हे कारागीर मूळचे शिकलगार, म्हणजे शस्त्रांना धार व झिलई देणारे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास शस्त्रांचे दिवस संपत आले, तेव्हां फरीदसाहेब शिकलगार हे वाद्यांकडे वळले, व त्या घराण्यानें मिरजेचें नांव देशभर केलें. तंबोर्‍याचे मोठे भोंपळे येतात पंढरपूर-मंगळवेढ्याकडून. ते वाळवावयाचे, भिजवून त्यांस आकार द्यावयाचा, मग दांडी व तबली बसवावयाची. हें महिन्यांचें काम. २०२४ सालीं मिरजेच्या सतारीस व तंबोर्‍यास भौगोलिक मानांकन मिळालें. तो मान या हातांचा आहे.

ज्या कारागिरानें आमचा तंबोरा हातीं घेतला, त्यानें प्रथम भोंपळ्यावर बोटानें टिचकी मारली आणि मान डोलावली. मग नव्या तारा चढविल्या आणि जवारीस बसला. कानशीचा एक हलका हात घोडीवर फिरवावयाचा, तार चढवावयाची, छेडावयाची, ऐकावयाचें, पुन्हां उतरवावयाची. असें किती वेळां केलें याची मीं मोजदाद सोडून दिली. तीन तासांत तो बोलला फारच थोडें. नामवंत गवयांचीं व परदेशचीं कामें अजून येतात, पण शिकणार्‍या मुलांसाठीं घरोघर तंबोरा नेणारें पूर्वीचें गिर्‍हाईक आतां मोबाइलवर भागवितें, एवढें मात्र त्यानें सांगितलें. आणि त्याच्या स्वरांत तक्रारीपेक्षां नवलच अधिक होतें.

आमची परीक्षा

घरीं आल्यावर कन्येनेंच कल्पना काढली, कीं तीनही तंबोर्‍यांची परीक्षा घेऊं. सांगलीहून माझ्या वन्सं आल्या होत्या. त्या तरुणपणीं आईजवळच गाणें शिकलेल्या. पडद्याआड तंबोरा, पेटी, आणि चांगल्या स्पीकरला जोडलेला मोबाइल, असे तीन ध्वनि काळी चारच्या एकाच पट्टींत लावले, व बाहेर बसलेल्यांनीं कोणता कोणाचा तें ओळखावयाचें ठरलें.

निकाल मजेदार लागला. पेटी सर्वांनीं तत्काळ ओळखली. तिच्या आवाजांतला तो अनुनासिक एकसुरीपणा लपत नाहीं. परंतु खरा तंबोरा आणि मोबाइल यांत यजमान दोनदां फसले, व प्रत्यक्ष वन्सं एकदां. आम्हां सर्वांनाच थोडें खजील व्हावयास झालें. नुसता ध्वनि म्हणून पाहिलें, तर नमुना हरला नाहीं, हें प्रांजळपणें कबूल केलें पाहिजे. स्पीकर काढून केवळ मोबाइलवर ऐकल्याबरोबर मात्र खर्ज विरून गेला. काळी चारचा षड्ज सेकंदास सुमारें २०८ कंपनांचा. खर्जाची तार त्याच्या निम्मी, म्हणजे १०४ ची. मोबाइलच्या नखाएवढ्या पडद्याला इतका खालचा नाद पेलत नाहीं. आपला कान वरच्या उपस्वरांवरून त्या खर्जाची कल्पना करून घेतो, आणि आपणांस वाटतें कीं तो ऐकूं आला.

मग कन्या गावयास बसली. मोबाइलबरोबर ती नेहमींप्रमाणें स्वच्छ गाइली. नंतर वन्संनीं तंबोरा मांडीवर घेतला. पंधरावीस मिनिटें झालीं असतील. वळिवापूर्वींची दमट हवा, आणि तारा नव्या; जोडींतली एक तार किंचित् उतरली. वन्सं कांहीं बोलल्या नाहींत. कन्या मध्येंच थबकली, पुन्हां षड्ज लावला, पुन्हां थबकली, आणि म्हणाली, "आत्या, कांहीं तरी बिघडलें. माझें कीं त्याचें?"

माझ्या मतें आमच्या खटल्याचा निकाल या प्रश्नांत आहे. पांच वर्षें ती गाणें शिकते आहे, पण हा प्रश्न तिला कधीं पडला नव्हता; कारण मोबाइलपुढें तो पडूं शकत नाहीं. तेथें बिघडलें तर गाणाराचेंच बिघडणार. यंत्र नेहमीं बरोबर. त्या नमुन्यांतला सूर अचूक आहे, पण तो दुसर्‍या कोणाच्या तरी कानानें एका दिवशीं लावलेला सूर आहे. लागलेला सूर त्यांत सांठविलेला आहे. सूर लावणें सांठविलेलें नाहीं.

पुढें पाऊण तास आत्या-भाची तंबोराच लावीत बसल्या. खुंटी पिळली कीं तार फार चढे, सोडली कीं फार उतरे. "खुंटीनें जवळ आण, आणि मण्यानें मिळव. डोळे मीट," असें वन्सं सांगत होत्या. शेवटीं दोन तारा एकमेकींत अशा मिळाल्या, कीं दोन आहेत हेंच कळेना, आणि खर्ज मिळाल्यावर थोड्या वेळानें कन्या एकदम डोळे उघडून म्हणाली, "आई, कोणी तरी गांधार म्हणतो आहे!" वन्संनीं तिला गप्प राहून ऐकावयास खुणावलें. मग भोंपळ्याशीं तोंड नेऊन मोकळा षड्ज लावण्यास सांगितलें. आणि हात न लावतांच जोडीच्या तारा गुणगुणूं लागल्या. ध्वनीच्या छायाचित्राला हांक मारली तर तें ओ देत नाहीं, तारेनें दिली.

काय मिळतें, काय हरवतें

जुन्या सिंथेसायझरचे चाहते आपल्या यंत्राविषयीं हेंच बोलतात. तापल्यावर सरकणारा त्याचा स्वर, एकच पट्टी दोनदां दाबली तरी केसभर निराळा उमटणारा नाद, गाळणीचें बटण फिरवितां फिरवितां त्या एकाच ध्वनीचें बदलत जाणें, हें सारें त्या क्षणीं घडत असतें. नमुना घेतांना त्यांतील एक घडी पकडली जाते. यावर उपाय म्हणून कांहीं कर्ते आतां नमुने न भरतां त्या जुन्या मंडलाचें गणितच संगणकांत मांडतात, म्हणजे ध्वनि पुन्हां घडूं लागतो. शिवाय नमुना मूळ पट्टी सोडून वरखालीं ओढला, तर नुसता स्वर हलत नाहीं. त्याबरोबर भोंपळ्याचा घुमाराही ओढला जातो, जणूं काय भोंपळाच लहान-मोठा झाला. म्हणून चांगल्या संग्रहांत अनेक पट्ट्यांचे निरनिराळे तंबोरे मुद्रित केलेले असतात.

हें सगळें खरें असलें तरी यंत्राला नांवें ठेवण्याचा कृतघ्नपणा मजकडून होणार नाहीं. वसतिगृहांत राहणारी मुलगी, रोज बदलीच्या गांवीं फिरणारा नोकरदार, पातळ भिंतीपलीकडे आजारी शेजारी असलेलें बिर्‍हाड, यांनीं तंबोरा कोठें ठेवावा आणि केव्हां लावावा? मोबाइलमुळें त्यांचा रियाज चालतो. एरवीं तो चाललाच नसता. आणि आमच्या त्या अनुनासिक पेटीनें तर सासूबाईंचीं शेवटचीं चार वर्षें सुरांत ठेविलीं. कांपर्‍या बोटांनीं तार छेडवेना, तेव्हां त्या बटण फिरवून षड्ज जुळवीत, आणि मग डोळे मिटीत. त्या बटणांतही त्यांचा कान जागा होता, हें आज मला उमगतें.

तेव्हां ज्यांच्या घरीं असा प्रश्न उभा असेल, त्यांस अनुभवाच्या चार गोष्टी सांगतें. मोबाइलवर रियाज करावयाचा तर त्याला बर्‍यापैकीं स्पीकर जोडावा, म्हणजे खर्जाला अंग येईल. आपल्या पट्टींतच मुद्रित केलेला नमुना मिळाल्यास तो निवडावा. आणि सोय असेल तर एखादी तार मुद्दाम उतरवून ती कानानें पुन्हां मिळवीत जावी. घरांत जुना तंबोरा असेल, तर त्याच्या तारा ताणून ठेवूं नयेत. भोंपळा तडकलेला नसेल, तर जवारी करून घेण्यास अनमान करूं नये. आठवड्यांतून एकदां जरी मुलांनीं तो स्वतः लावला, तरी पुष्कळ झालें. गाणें आलें नाहीं तरी चालेल. आपलें चुकलें कीं दुसर्‍याचें, हें शांतपणें ऐकून ठरविण्याची संवय अन्यत्रही उपयोगीं पडते.

आमच्या खटल्याचा निकाल असा लागला. मोबाइल कन्येजवळ राहिला, व रोजचा रियाज त्यावरच होतो. विजेची पेटी आम्ही शेजारच्या आजींना दिली. त्यांचेही हात आतां थरथरतात, आणि पहाटे भजनाला त्यांस सूर हवा असतो. तंबोरा पुण्यास आला. सामानाच्या ट्रकमध्यें तो घालावयास यजमान तयार होईनात. गवसणी चढवून त्यांनींच तो गाडींत मागच्या बाजूस आडवा ठेविला, आणि वाटेंत तीनदां मागें वळून पाहिलें. विक्रीच्या गोष्टीची आठवण त्यांस कोणी करून दिली नाहीं.

आतां रविवारीं सकाळीं आमच्या सदनिकेंत पहिला अर्धा तास गाणें होतच नाहीं. नुसत्या तारा मिळविल्या जात असतात. खालच्या मजल्यावरील एका गृहस्थांनीं परवां जिन्यांत विचारलें, "तुमच्याकडे गाणें केव्हां सुरू होतें?" यजमान म्हणाले, "तें केव्हांच सुरू झालें आहे."